जुने जाळे परत कोण घेणार?

महाराष्ट्राने २३ मार्च २०१८ रोजी प्लास्टिकबंदीची अधिसूचना काढली आणि तीन महिन्यांनी दंड सुरू झाला. पहिल्या वेळी ५,००० रुपये, दुसऱ्यांदा १०,०००, तिसऱ्यांदा २५,००० आणि तीन महिन्यांपर्यंत कैद. १ जुलै २०२२ पासून केंद्र सरकारने स्ट्रॉ, प्लास्टिकचे चमचे, फुग्यांच्या काड्या, थर्मोकोलची सजावट अशा एकदाच वापरायच्या वस्तूंवर देशभर बंदी आणली. या दोन्ही याद्यांमध्ये मासेमारीचे जाळे नाही, आणि ते असूही नये. जाळ्यावर बंदी घालणे म्हणजे कोळ्याच्या पोटावर पाय देणे. पण बंदी नको म्हणून जाळ्याचा विचारच नको, असे आपण गृहीत धरले आहे आणि त्याची किंमत समुद्रातले प्राणी मोजत आहेत. फाटलेल्या, तुटलेल्या, वाहून गेलेल्या जाळ्याचे पुढे काय होते हे ना मत्स्य विभाग विचारतो, ना प्रदूषण नियंत्रण मंडळ, ना जाळे बनवणारा कारखाना.

समुद्रात जाणाऱ्या सगळ्या प्लास्टिकमध्ये प्राण्यांसाठी सर्वांत घातक वस्तू जाळे आहे. गंमत नव्हे, पण दिलासा असा की परत मिळवायलाही तीच सर्वांत सोपी आहे. चिप्सचे पाकीट कोणी फेकले ते कळत नाही. जाळ्याला मालक असतो, त्याच्या नौकेला क्रमांक असतो, ती ठरलेल्या बंदरात लागते आणि नवे जाळे घेताना कित्येकदा सरकारचेच अनुदान मिळते. एवढी नोंद ज्या वस्तूभोवती आधीच आहे, ती परत घेण्याची व्यवस्था आपल्याला उभी करता आलेली नाही. ही व्यवस्था राज्याने करावी, तिचा खर्च शासनाने आणि जाळी बनवणाऱ्या कारखान्यांनी उचलावा आणि मच्छीमाराच्या माथी दंड मारू नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

आधी जाळे कशाचे असते ते पाहू, कारण पुढचे सगळे त्यावर ठरते. साठ-सत्तर वर्षांपूर्वीपर्यंत आपल्या किनाऱ्यावरची जाळी सुताची आणि सणाच्या म्हणजे तागासारख्या वनस्पतीच्या धाग्याची असत. ती कुजू नयेत म्हणून झाडांच्या सालीच्या काढ्यात उकळावी लागत, उन्हात वाळवावी लागत, तरी काही काळाने कुजतच. नायलॉन आले आणि ही मेहनत संपली. जाळे हलके झाले, पाण्यात दिसेनासे झाले, मासे जास्त लागू लागले. कोळ्यांनी ते स्वीकारले यात त्यांचा काही दोष नाही. फक्त सुताचे जाळे हरवले तर समुद्र ते काही महिन्यांत संपवत असे. नायलॉनचे संपवत नाही.

आज गिलनेटची जाळी बहुतेक नायलॉनची असते. तिच्या वरच्या दोराला फ्लोट म्हणजे तरंगते गोळे आणि खालच्या दोराला शिशाच्या गोळ्या असतात, म्हणून ती पाण्यात पडद्यासारखी उभी राहते. ट्रॉलचे म्हणजे नौकेमागून ओढायचे जाळे सहसा एचडीपीई या प्लास्टिकच्या पिळदार दोऱ्याचे असते आणि दोर पॉलिप्रॉपिलीन या दुसऱ्या प्लास्टिकचे. समुद्राच्या पाण्याची घनता घन सेंटीमीटरला साधारण १.०२५ ग्रॅम असते. नायलॉनची १.१४ म्हणजे त्याहून जास्त, एचडीपीईची ०.९५ आणि पॉलिप्रॉपिलीनची ०.९० ते ०.९१ म्हणजे कमी. त्यामुळे फ्लोट तुटलेले गिलनेट तळाला जाते आणि खडकाला, बुडालेल्या होडीला, प्रवाळाला अडकून बसते. ट्रॉलचा तुटलेला तुकडा मात्र तरंगतो आणि प्रवाहाबरोबर शेकडो किलोमीटर जातो. पहिले जाळे तळावरचे खेकडे, शेवंड आणि खडकातले मासे मारते. दुसरे कासवे मारते. एकाच मोहिमेने दोन्ही निघतील ही आशा म्हणूनच फोल आहे.

बेवारस गिलनेट मासे पकडणे थांबवत नाही, कारण पकडण्यासाठी त्याला माणूस लागतच नाही. सुरुवातीच्या दिवसांत ते जवळजवळ नेहमीसारखेच काम करते. अडकलेले मासे मरतात, ते खायला खेकडे आणि मोठे मासे येतात, तेही अडकतात. वजनाने जाळे खाली बसते, शेवाळ आणि शिंपले धरतात, ते दिसू लागते आणि हळूहळू त्याची मारण्याची ताकद घटते. उथळ, खळबळीच्या पाण्यात हे काही महिन्यांत होते. खडकावर किंवा बुडालेल्या जहाजावर ताणून अडकलेले जाळे मात्र वर्षानुवर्षे उभे राहू शकते. म्हणजे हरवलेले जाळे पहिल्या काही आठवड्यांत काढले तर सर्वांत जास्त जीव वाचतात. वर्षभराने केलेल्या स्वच्छता मोहिमेत हा काळ निघून गेलेला असतो.

तरंगणाऱ्या तुकड्याची गोष्ट वेगळी. त्यावर गूज बार्नेकल हे चिकटून राहणारे शिंपल्यासारखे जीव, छोटे खेकडे आणि शेवाळ वाढते, खाली लहान मासे सावलीला येतात. ऑलिव्ह रिडले कासव उघड्या समुद्रात अशाच तरंगत्या वस्तूंभोवती अन्न शोधते. नुसत्या दिसण्यानेच नव्हे, वासानेही ते ओढले जाते. २०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात लॉगरहेड जातीच्या कासवांनी समुद्रात राहून शेवाळलेल्या प्लास्टिकच्या वासाला अन्नाच्या वासाइतकाच प्रतिसाद दिला. कासव तुकड्यापाशी येते, पुढचा पर म्हणजे वल्ह्यासारखा पाय एखाद्या आसात म्हणजे जाळ्याच्या भोकात जातो, सोडवण्यासाठी ते गोल फिरते आणि दोरा पिळत जातो. मग दोन शक्यता उरतात. तुकडा जड असेल तर कासव श्वासासाठी वर येऊ शकत नाही आणि बुडून मरते. हलका असेल तर ते आठवडेच्या आठवडे तो तुकडा ओढत पोहते. दोरा कातडीत रुतत जातो, रक्तपुरवठा थांबतो, पर सडतो आणि शेवटी गळून पडतो किंवा डॉक्टरांना कापावा लागतो. पावसाळ्यात पालघर जिल्ह्याच्या किनाऱ्यावर लाटांबरोबर येणारी आणि डहाणूच्या उपचार केंद्रात नेली जाणारी जखमी कासवे पाहिली तर हे कोणाला वेगळे सांगावे लागत नाही.

इथे कासव संवर्धनातली एक विसंगती सांगितलीच पाहिजे. वेळासला २००२ मध्ये चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र संस्थेने अंडी वाचवण्याचे काम सुरू केले आणि आज कोकणातल्या अनेक गावांत कासवमित्र पहाटे किनारा तुडवतात, घरटी हॅचरीत म्हणजे कुंपण घातलेल्या सुरक्षित जागेत हलवतात, पिल्ले समुद्रात सोडतात. हे काम अतिशय मोलाचे आहे. पण एका घरट्यातल्या शंभर-सव्वाशे अंड्यांतून निघालेल्या पिल्लांपैकी प्रौढ होणारी अगदी थोडी. हजारात एखादे असे सर्वसाधारण मानले जाते. मादीला अंडी घालण्याच्या वयाला यायला दहा वर्षांहून अधिक काळ लागतो. त्यामुळे समुद्रात मेलेल्या एका प्रौढ मादीची भरपाई व्हायला किनाऱ्यावरची कित्येक घरटी खर्ची पडतात. किनाऱ्यावर आपण पिल्ले मोजतो, आणि त्यांच्या आया समुद्रात कशाने मरतात याची फारशी विचारपूस करत नाही.

शिवाय या माद्या एका राज्याच्या नसतात. ओडिशात २०२१ मध्ये टॅग लावलेली एक मादी जानेवारी २०२५ मध्ये गुहागरच्या किनाऱ्यावर अंडी घालायला आली. बंगालच्या उपसागरात सुटलेले जाळे कोकणच्या कासवाला मारू शकते आणि कोकणात सुटलेले मालदीवच्या पाण्यात पोचू शकते. मालदीवचे लोक ट्यूना गळ आणि काठीने पकडतात, तरी त्यांच्या बेटांभोवती जाळ्यात अडकलेली ऑलिव्ह रिडले कासवे सतत सापडत असतात. ती जाळी अर्थातच इतरांची.

यावर एक आक्षेप नेहमी घेतला जातो आणि तो दुबळा नाही. मुंबईच्या कोणत्याही किनाऱ्यावर उभे राहा, पायाखाली पिशव्या, पाकिटे, बाटल्यांची झाकणे, गुटख्याच्या पुड्या दिसतील. जाळ्याचे तुकडे त्यात थोडेच. मग कोळ्यांकडे बोट का? नगांची मोजदाद केली तर जमिनीवरून येणारा कचरा कितीतरी जास्त भरेल हे खरे आहे. पण नगांची संख्या आणि होणारी हानी एकाच मापाने मोजता येत नाही. समुद्री पक्षी, कासवे आणि सस्तन प्राण्यांवर काम करणाऱ्या तज्ज्ञांना २०१६ च्या एका अभ्यासात विचारले गेले की कोणत्या वस्तूचा धोका सर्वांत मोठा. मासेमारीचे साहित्य सर्वांत वर आले. वजनाने मोजले तरी चित्र बदलते. उत्तर प्रशांत महासागरातल्या कचऱ्याच्या पट्ट्याची २०१८ मध्ये जी मोजणी प्रसिद्ध झाली, तिच्यात किमान ४६ टक्के वजन जाळ्यांचे निघाले. अरबी समुद्रातले प्रमाण तसेच असेल असे नाही, कारण आपल्या नद्या आणि खाड्या फार कचरा आणतात. तरीही नुसते डोळ्यांना दिसते त्यावरून धोरण ठरवले तर काय निसटते, ते या आकड्यावरून कळते.

पिशव्यांचा धोका कमी आहे असेही मला म्हणायचे नाही. कासवांच्या पोटातल्या प्लास्टिकवर झालेल्या २०१८ च्या अभ्यासानुसार चौदा तुकडे गिळलेले कासव मरण्याची शक्यता पन्नास टक्क्यांवर जाते. आतड्यात अडथळा येतो, वायू साठतो, कासव एका बाजूला कलंडून तरंगत राहते आणि अन्नासाठी बुडी मारू शकत नाही. पिशव्यांविरुद्धची लढाई चालूच राहायला हवी. पण त्या लढाईला कायदा, दंड, शाळांतल्या प्रभातफेऱ्या, नगरपालिकांची पथके सगळे मिळाले आहे. जाळ्यांच्या वाट्याला यातले काहीच आलेले नाही.

आणि कोळी या प्रश्नात आरोपी होण्याआधी बळी आहेत. वसई, वर्सोवा, रायगडच्या खाड्यांच्या तोंडाशी डोल म्हणजे पिशवीसारखी जाळी लावणाऱ्यांना विचारा. भरतीबरोबर शहराचा कचरा जाळ्याच्या खोळीत शिरतो. बोंबील, मांदेली, जवळा निवडण्याआधी प्लास्टिक निवडावे लागते. त्यात वेळ जातो, मासळी चिरडते, भाव पडतो, जाळे फाटते. हा कचरा त्यांनी केलेला नाही. त्यांच्याशी बोलणी करायची तर हे मान्य करूनच सुरुवात व्हायला हवी.

जाळी का हरवतात, हेही नीट समजून घ्यायला हवे. कोणी हौसेने टाकत नाही. जाळे हे नौकेनंतरचे सर्वांत महाग भांडवल आहे. पहिले कारण हवामान. ऑक्टोबर २०१९ मध्ये क्यार, त्यापाठोपाठ महा, मे २०२१ मध्ये तौक्ते ही चक्रीवादळे. वारा अचानक फिरला की तांडेलाला म्हणजे नौकेच्या प्रमुखाला जाळे ओढत बसायचे की खलाशांना घेऊन बंदर गाठायचे, हे ठरवावे लागते, आणि त्याने जाळे सोडलेच पाहिजे. दुसरे कारण तळ. खडकाळ भागात जाळे अडकते, ओढले की फाटते आणि निम्मे खालीच राहते. तिसरे कारण म्हणजे नौकांमधला संघर्ष, आणि सिंधुदुर्गात हेच कळीचे आहे. पारंपरिक मच्छीमारांनी रात्री लावलेल्या गिलनेटवरून परराज्यांतले वेगवान ट्रॉलर जातात, जाळी तोडून ओढून नेतात. मालवणच्या मच्छीमारांचे हे गाऱ्हाणे वर्षानुवर्षांचे आहे. त्यात जाळ्याचे नुकसान तेवढे बोलले जाते. तुटलेले जाळे समुद्रात काय करते ते बोलायला कोणाला उसंत नसते.

चौथे कारण किरकोळ वाटते पण तसे नाही. बंदरावर जाळी शिवताना कापलेले दोऱ्यांचे तुकडे धक्क्यावर पडतात आणि झाडून पाण्यात जातात. किनाऱ्यावर सापडणारे हातभर लांबीचे, दोन्ही टोके सरळ कापलेले दोरे याच प्रकारचे असतात. समुद्रात तुटलेल्या दोऱ्याचे टोक विस्कटलेले असते. हा कचरा थांबवायला शिवायच्या जागी एक ताडपत्री आणि एक गोणी पुरते.

पाचवे कारण स्वस्ताई. पिळाच्या नायलॉनचे जाळे फाटले की सुईने शिवून पुन्हा वापरता येते. एकपदरी मोनोफिलामेंट जाळे पाण्यात दिसत नाही म्हणून जास्त मासे लागतात, पण ते शिवणे परवडत नाही. हंगाम संपला की ते टाकूनच द्यायचे. ते ज्या प्रमाणात पसरले आहे, त्या प्रमाणात टाकून दिलेल्या जाळ्याचे वजन वाढते आहे.

आता व्यवस्थेकडे. प्रधानमंत्री मत्स्य संपदा योजना २०२० मध्ये सुरू झाली. तिच्यात पारंपरिक मच्छीमारांना नौका आणि जाळी बदलण्यासाठी अनुदान मिळते. सर्वसाधारण गटाला ४० टक्के, अनुसूचित जाती-जमाती आणि महिलांना ६० टक्के. म्हणजे नवे प्लास्टिक समुद्रावर पाठवायला सरकार पैसे देते. तिथेच जुन्याचा हिशेब का मागू नये? नव्या जाळ्याचे अनुदान जुन्या जाळ्याच्या वजनाशी जोडावे. जुने जाळे परत केले तर पूर्ण अनुदान. हरवले असेल तर ते कुठे, कधी, कसे हरवले त्याची नोंद दिली तरीही पूर्ण अनुदान. दोन्हीपैकी काहीच नसेल तेव्हाच प्रश्न विचारावा.

‘नोंद दिली तरीही पूर्ण’ हे वाक्य मी मुद्दाम ठेवले आहे. दंडाच्या भीतीने कोणीही हरवलेल्या जाळ्याची खबर देणार नाही. जहाजांच्या प्रदूषणाविषयीच्या मारपोल कराराचे पाचवे परिशिष्ट ३१ डिसेंबर १९८८ पासून लागू आहे. त्याने प्लास्टिकची जाळी समुद्रात टाकायला मनाई केली, पण योग्य काळजी घेऊनही अपघाताने हरवलेल्या जाळ्याला त्यातून वगळले. युरोपीय संघात जाळे हरवले तर आधी ते काढण्याचा प्रयत्न करायचा आणि नाही जमले तर कळवायचे, असा नियम आहे. नॉर्वेचे मत्स्य खाते १९८० च्या दशकापासून दर वर्षी नौका पाठवून हरवलेली जाळी बाहेर काढते आणि ती कुठे शोधायची ते मच्छीमारांनीच दिलेल्या नोंदींवरून ठरवते.

आपल्याकडे ही नोंद घ्यायला नवे कार्यालय नको. मच्छीमार सहकारी संस्था प्रत्येक बंदरावर आहेत आणि डिझेलवरच्या मूल्यवर्धित कराचा परतावा त्यांच्यामार्फत मिळतो. म्हणजे कोणत्या नौकेने किती लिटर डिझेल घेतले याचा हिशेब ठेवणारी माणसे तिथे बसलेली आहेत. त्याच वहीत एक पान जाळ्याचे असावे: नौकेचा क्रमांक, जाळ्याचा प्रकार, आसाचा आकार, घेतानाचे वजन, परत दिलेले वजन. हरवल्यास जीपीएसवरची जागा, पाण्याची खोली, साधारण लांबी आणि कारण. तांडेलाच्या यंत्रात खडक आणि बुडीत जहाजांच्या खुणा आधीच असतात; एक खूण जास्त करायला त्याला मिनिटभर लागेल. यात मच्छीमाराचा स्वतःचा फायदाही आहे. ट्रॉलरने जाळे तोडल्याच्या नोंदी तारीख आणि जागेसह शंभर-दोनशे जमल्या की सागरी मासेमारी नियमन कायद्याखाली कारवाई मागताना हातात पुरावा असेल. आज तो नसतो, म्हणून तक्रार हवेत विरते.

यासाठी जाळ्यावर खूण हवी. जागतिक अन्न व कृषी संघटनेने मासेमारीच्या साहित्यावर खूण करण्याविषयी ऐच्छिक मार्गदर्शक तत्त्वे काढली आहेत. आपल्या नौकांना ‘आयएनडी-एमएच’ने सुरू होणारा क्रमांक असतोच. तो कोरलेली छोटी पट्टी वरच्या दोराला ठरावीक अंतरावर आणि दोन्ही टोकांना बांधली तरी काम भागते. एकाच टोकाला बांधून उपयोग नाही; जाळे तुटते तेव्हा मधून तुटते. पट्टी फ्लोटला बांधू नये, कारण फ्लोट आधी निघतात. रंगाने क्रमांक लिहिणे तर निरुपयोगीच. खारे पाणी आणि ऊन तो एका हंगामात पुसतात.

परत आलेल्या जाळ्याचे काय करायचे, हा भाग सगळ्यात अवघड आहे आणि चांगल्या हेतूच्या बहुतेक योजना इथे फसतात. ढिगाऱ्यात नायलॉन, एचडीपीई, पॉलिप्रॉपिलीनचे दोर, शिसे, तारा, वाळू, शिंपले सगळे एकत्र असते. असा माल कोणी विकत घेत नाही. जाळे यंत्रात टाकले की दांड्याला गुंडाळते आणि यंत्र बंद पडते. वाळूने पाती बोथट होतात. म्हणून काम बंदरावरच सुरू व्हायला हवे. आधी वरचा आणि खालचा दोर कापून वेगळा करायचा. शिशाच्या गोळ्या काढून वेगळ्या डब्यात ठेवायच्या. शिशाला भंगारात चांगला भाव येतो, पण ते विषारी असल्याने हातमोजे घालूनच काढायचे आणि मुलांना या कामाला बसवायचे नाही. मग उरलेल्या जाळ्याचा छोटा तुकडा बादलीभर पाण्यात दाबून, हवा काढून सोडायचा. तळाला गेला तर नायलॉन, वर आला तर एचडीपीई किंवा पॉलिप्रॉपिलीन. ही परीक्षा कोणालाही जमते आणि ढीग वेगळे होतात. त्यानंतर हातभर लांबीचे तुकडे, गोड्या पाण्यात धुणे, वाळवणे आणि दाबयंत्राने गठ्ठे बांधणे. गठ्ठे बांधले नाहीत तर ट्रक हवाच वाहून नेतो आणि भाड्यातच सगळा पैसा जातो.

स्वच्छ नायलॉन-६ रासायनिक प्रक्रियेने कॅप्रोलॅक्टम या मूळ रसायनापर्यंत परत नेता येते आणि त्यापासून पुन्हा धागा बनतो. एचडीपीई वितळवून दाणे करता येतात. भेसळीचा माल मात्र सिमेंटच्या भट्टीत इंधन म्हणून जाळण्यापलीकडे फारसा कामाचा नसतो. बादलीपाशी बसलेल्या माणसाचे काम हे त्यामुळे पगाराचे काम आहे, ते स्वयंसेवकांच्या रविवारवर सोडता येणार नाही. बंदरावरच्या कोळी महिलांना मासळी निवडण्याचा सराव पिढ्यान् पिढ्यांचा आहे. मासेमारीबंदीच्या काळात, जेव्हा उत्पन्न थांबते, तेव्हा त्यांच्या बचतगटांना हे काम रोजंदारीवर द्यावे.

खर्चाचा अंदाज बांधून पाहू. समजा एका बंदरात २०० नौका आहेत आणि प्रत्येकीने वर्षाला ३० किलो जुने जाळे परत दिले. एकूण ६,००० किलो. किलोला ५० रुपये दिले तर तीन लाख रुपये. वर निवडणे, धुणे आणि वाहतूक धरली तरी एका बंदरासाठी ही रक्कम राज्याला जड नाही. आणि ती एकट्या राज्याने का द्यावी? प्लास्टिक कचरा व्यवस्थापन नियमांखाली उत्पादकावर जी विस्तारित जबाबदारी टाकली आहे ती वेष्टनांपुरती आहे. बिस्किटाच्या पुड्याचे वेष्टन परत गोळा करण्याचा हिशेब कंपनीला द्यावा लागतो. जाळे बनवणाऱ्याला नाही. युरोपीय संघाच्या २०१९ च्या निर्देशाने प्लास्टिक असलेले मासेमारी साहित्य उत्पादकाच्या जबाबदारीत आणले. जाळी बनवणारे मोठे कारखाने महाराष्ट्रातही आहेत. त्यांच्याकडे कोणत्या जाळ्यात कोणता धागा आहे याची माहिती आहे, विक्रेत्यांची साखळी आहे. जाळे विकणारी गाडी रिकामी परत जाते, ती जुने घेऊन जाऊ शकते. केंद्राने नियमांत ही दुरुस्ती करावी, आणि त्याची वाट न पाहता राज्याने अनुदान देताना अट घालावी.

कुजणारे धागे वापरा, असा उपाय हल्ली वारंवार सुचवला जातो. दक्षिण कोरिया आणि नॉर्वे या दोन्ही देशांत त्यांवर गंभीरपणे काम झाले आहे. नॉर्वेतल्या चाचण्यांत अशा जाळ्यांना नायलॉनपेक्षा कमी मासे लागले. ज्याचे पोट रोजच्या मासळीवर आहे त्याला कमी मासे देणारे आणि महाग जाळे घ्या म्हणणे मला तरी पटत नाही. सापळ्यांच्या बाबतीत मात्र हा मार्ग चालतो. अलास्कात खेकड्यांच्या सापळ्याचा एक भाग सुती दोऱ्याने बांधायची सक्ती आहे. सापळा हरवला तर दोरा कुजतो, दार उघडते आणि आतले खेकडे सुटतात. आपल्या खाड्यांतल्या खेकड्यांच्या सापळ्यांना हे उद्यापासून करता येईल.

तळाशी अडकलेली जाळी काढताना उत्साहापेक्षा संयम महत्त्वाचा. मालवण सागरी अभयारण्य १९८७ पासून आहे आणि सिंधुदुर्ग किल्ल्याभोवतीच्या खडकांवर प्रवाळ आहेत. तिथे नौकेने आकडा टाकून जाळे ओढले तर प्रवाळही उखडून येते. पाणबुड्याने खाली जाऊन कात्रीने जाळे भागाभागाने कापायचे आणि हवेच्या पिशव्यांनी हळू वर न्यायचे. प्रवाळ ज्यावर वाढून बसले आहे तो भाग तसाच ठेवायचा आणि सुटे लोंबणारे तेवढे कापायचे. चिखलाच्या तळावर आकडा चालतो. किनाऱ्यावर वाळूत पुरलेले जाळे जेसीबीने ओढू नये, विशेषतः नोव्हेंबर ते मार्चमध्ये, कारण खाली घरटे असू शकते आणि यंत्राच्या वजनाने वाळू दबते. आणि गोळा केलेले जाळे तिथेच पेटवू तर मुळीच नये. नायलॉन जळताना हायड्रोजन सायनाइड निघतो. हा प्रकार अजूनही किनाऱ्यांवर चालतो, आणि तो मोहिमेचे फोटो काढून झाल्यावर चालतो.

जिवंत कासव अडकलेले सापडले तर त्याला किंवा जाळ्याला ओढायचे नाही. दोरा कातडीत रुतला असेल तिथे हात न लावता दोन्ही बाजूंनी जाळे कापायचे. रुतलेला भाग डॉक्टर काढतील. कासवाला सावलीत ठेवून पाठीवर ओले फडके टाकायचे, नाकपुड्या मोकळ्या ठेवायच्या, तोंडात पाणी घालायचे नाही आणि दया म्हणून लगेच समुद्रात सोडायचे नाही. निपचित पडलेले कासव मेलेच असे नसते. पोट खाली ठेवून मागचा भाग १५ सेंटीमीटर उंच केला की फुप्फुसातले पाणी उतरू शकते. शुद्धीवर यायला चार ते चोवीस तासही लागतात. वन विभागाचा मदत क्रमांक १९२६ आहे.

महाराष्ट्राने या क्षेत्रात एक चांगले पाऊल आधीच टाकले आहे. २०१८ च्या अखेरीपासून संरक्षित समुद्री प्राण्याला सोडवण्यासाठी जाळे कापावे लागले तर मच्छीमाराला २५,००० रुपयांपर्यंत भरपाई मिळते. फोटो किंवा चित्रफीत पुरावा म्हणून चालते. व्हेल शार्क, डॉल्फिन, कासवे या योजनेमुळे सुटली. कोळ्याशी नुकसानीची भाषा बोलली, विश्वास ठेवला, तर तो हजारो रुपयांचे जाळे कापतो, हे यातून सिद्ध झाले. याच योजनेत कापलेला तुकडा बंदरावर आणला तर थोडी जास्त रक्कम, एवढी एक ओळ घालावी. केरळमध्ये कोल्लमच्या शक्तिकुलंगरा-नीण्डकरा बंदरांत २०१७ पासून ट्रॉलरवाल्यांनी जाळ्यात आलेले प्लास्टिक परत फेकण्याऐवजी गोण्यांत भरून आणले, ते निवडून, बारीक करून रस्त्यांच्या डांबरात वापरले गेले. तिथल्या मत्स्य खात्याने आधी गोण्या दिल्या आणि उतरवायला जागा दिली. उपदेश नंतर केला.

प्लास्टिकविषयीच्या जागतिक कराराची बोलणी ऑगस्ट २०२५ मध्ये जिनिव्हात पुन्हा निष्फळ ठरली. त्याकडे डोळे लावून बसण्यात अर्थ नाही, कारण या कामातला एकही भाग जिनिव्हावर अवलंबून नाही. १ जूनला पश्चिम किनाऱ्यावर मासेमारीबंदी लागते, नौका वर ओढल्या जातात, जाळी धक्क्यावर उतरतात आणि नारळी पौर्णिमेपर्यंत त्यांची डागडुजी चालते. टाकायचे जाळे आणि शिवायचे जाळे याच आठवड्यांत वेगळे होते. सातपाटी, हर्णे, मिरकरवाडा आणि मालवण अशा चार बंदरांवर एक वजनकाटा, एक शेड, एक दाबयंत्र आणि संस्थेच्या वहीतले ते एक पान एवढ्यावर पहिला हंगाम घेता येईल. काट्यावरचे आकडे हाती आले की अनुदानाची अट किती कडक ठेवायची आणि कारखान्यांकडून किती वसूल करायचे, हे ऑगस्टमध्ये बसून ठरवता येईल.